गेम मागे चालू राहतो

१ जानेवारी, गुरुवार
कंपनीची डायरी मिळाली. दर वर्षी मिळते, या वर्षी लिहिणार आहे. वाचणारं कोणी नाही, त्यामुळे मुद्द्याचं तेवढंच.
संकल्प. एक, विनिताचा कॉम्प्युटर देऊन टाकणे. दोन, तिला दवाखान्यात पोचवणाऱ्या टेंपोवाल्याला शोधून आभार मानणे. (अकरा महिने झाले. वेळ मिळाला नाही.) तीन, रोज चालणे.
तीस तारखेला विनिताचं वर्षश्राद्ध, तिथीप्रमाणे. त्याआधी सगळं आटोपायचं. मी व्यवस्थित आहे. लोक विचारतात म्हणून नोंद करून ठेवतो.

४ जानेवारी, रविवार
नेरळच्या सुरभी मॅडम क्लास चालवतात. त्यांना कॉम्प्युटर हवा आहे. पुढच्या रविवारी न्यायला या म्हणून सांगितलं. त्याआधी आतलं सगळं पुसायला हवं. तासाभराचं काम.
पासवर्ड समीक्षाची जन्मतारीख. आमची एकच मुलगी, त्यामुळे दुसऱ्या प्रयत्नात लागला.
आत दोनच गोष्टी. एक, लग्नपत्रिकांचं फोल्डर. विनिता कर्जतच्या एका प्रेससाठी घरून पत्रिकांचा मजकूर जुळवायची. दुसरी, एक गेम. पुसण्याआधी तो काय आहे ते बघणं भाग होतं.
शेतीचा गेम आहे. एक घर, लाल टोपी घातलेली एक बाई, पुढे भाताचं शेत. भात पिवळं पडत आलेलं. कोपऱ्यात तारीख, ऑटम २६. भातावर माऊस नेला की लिहून येतं, दोन दिवसांत तयार.
खेळलेले एकूण तास ४१२. कॉम्प्युटर चुकीचं मोजतो आहे. ती दिवसभर पत्रिका करायची.

५ जानेवारी, सोमवार
गेमचं डिस्प्ले सेटिंग 'बॉर्डरलेस विंडो' असं आहे. माहिती काढली. गेम पूर्ण स्क्रीनभर दिसतो, पण खरं तर ती नुसती खिडकी असते, कडा न दाखवणारी. आहे एक, दाखवायचं दुसरं. मला असलं पटत नाही. फुलस्क्रीन केलं. दुसऱ्याला वस्तू द्यायची तर नीट लावून द्यावी.
चालायला गेलो नाही. थंडी.

७ जानेवारी, बुधवार
आनंदीताई कळंबहून आली. श्राद्धापर्यंत राहणार. माझी थोरली बहीण, मी बोलत नाही हे तिला चालतं.
संध्याकाळी सेटिंग तपासत बसलो होतो. ताई चहा घेऊन आत आली. मी ऑल्ट-टॅब दाबलं, म्हणजे गेम जाऊन दुसरं काही समोर येतं. आलं नाही. स्क्रीन काळी झाली आणि काळीच राहिली. दहा सेकंद तरी. आम्ही दोघं तिच्याकडे बघत होतो. ताई म्हणाली, बिघाडला काय रं? मी म्हटलं, हो. म्हणाली, मंग एवढा टक लावून काय बघतोस?

८ जानेवारी, गुरुवार
परत बॉर्डरलेस केलं. आता ऑल्ट-टॅब दाबलं की झटक्यात बदलतं. एक फरक आहे. फुलस्क्रीनमधून बाहेर पडलं की गेम थांबतो. बॉर्डरलेसमध्ये तो मागे चालू राहतो. लक्षात ठेवणे.
विनितानं हे सेटिंग का ठेवलं होतं तेही कळलं. माझी स्कूटर गेटातून आत येऊन, स्टँडवर लावून, मी वर येईपर्यंत एक मिनिट जातं. मी आत आलो की तिच्या स्क्रीनवर नेहमी पत्रिका असायची. चि. निलेश आणि चि. सौ. कां. संध्या. मी एकदा विचारलंही होतं, एका पत्रिकेला किती दिवस? ती म्हणाली होती, पार्टी मजकूर सारखा बदलते.
आज फाईल उघडून पाहिली. लग्न तीन वर्षांपूर्वीच्या मे महिन्यातलं आहे. पार्टी फारच चिकित्सक असावी.
मी तिला खेळू नको असं कधी म्हटलं नाही. कॉम्प्युटर घेतला तेव्हा, मोठ्या माणसांनी गेम खेळणं बरं दिसत नाही, असं म्हणालो होतो. ते सर्वसाधारण बोलणं होतं.

११ जानेवारी, रविवार
सुरभी मॅडमना फोन केला. माऊस अडकतो आहे, दुरुस्त करून पुढच्या रविवारी देतो म्हटलं. माऊस चांगला आहे, पण खात्री केलेली बरी.
गेमचा एक नियम सापडला. लाल टोपीवालीला घरात नेऊन झोपवलं तरच तो दिवस सेव्ह होतो. न झोपवता गेम बंद केला की दुसऱ्या वेळी पुन्हा ऑटम २६ची सकाळ, सहा वाजता. म्हणजे विनितानं जिथे ठेवलं तिथेच सगळं राहतं. तपासणीला सोयीचं आहे. आज सात वेळा तपासलं. गेममधला एक दिवस पंधरा मिनिटांचा.
तिला झोपवलं नाही आणि गेमही बंद केला नाही, तर गेमच्या घड्याळात रात्री दोन वाजता ती असेल तिथे पडते आणि दिवस आपोआप सेव्ह होतो. म्हणून माझा नियम, अंधार पडला की बंद.
भाताच्या बांधावर एक बुजगावणं आहे. बुजगावण्याला नाव देता येतं. तिनं दिलं आहे 'साहेब'.
घरी ती मला साहेब म्हणायची. साजगावच्या कारखान्यात मी स्टोअर इन्चार्ज झालो त्या दिवसापासून. सुरुवातीला गंमत होती, मग सवय झाली.
विचार केला. शेतात बुजगावण्याची जबाबदारी सगळ्यात मोठी असते. चांगलं वाटलं.

१४ जानेवारी, बुधवार
संक्रांत. वर्ष पुरं झालेलं नाही, त्यामुळे तिळगूळ नाही. गोड बंदच आहे. श्राद्धाच्या दिवशी ताई तिच्या घरच्या नव्या तांदळाची खीर करणार, ती तिच्या हातून खाल्ली की वर्ष सुटलं. मला फरक पडत नाही. तसंही गोड कमीच खावं.
ताई आत आली तेव्हा ऑल्ट-टॅब दाबलं. मागे उघडी असलेली खिडकी एकच, पत्रिकेची. ताईला अक्षरं जुळवून वाचता येतं. तिनं शुभविवाह वाचलं. विचारलं, कुणाचं लगीन रं? मी म्हटलं, जुनं काम आहे. बाहेर जाऊन तिनं समीक्षाला पुण्याला फोन लावला.
संध्याकाळी समीक्षाचा फोन. बाबा, आत्या म्हणते तुम्ही घरात बसून लग्नाची पत्रिका काढताय. संध्या कोण? मी म्हटलं, निलेशची. तिनं विचारलं, निलेश कोण? मी म्हटलं, ते पार्टीला माहीत. मग म्हणाली, जेवता ना वेळेवर?

१८ जानेवारी, रविवार
सुरभी मॅडमना एक फेब्रुवारी सांगितली. माऊसचं चालू आहे.
शेताची मांडणी मला पटत नाही. बावीस वर्षं स्टोअर सांभाळलं आहे. लाकडं, दगड, अवजारं वेगवेगळी लावली. साहेबाला बांधावरून उचलून घराजवळच्या झाडाखाली उभं केलं. बांधावर ऊन, चिखल. झाडाखाली सावली आहे, घराचं दार समोर दिसतं. शोभून दिसला.
सेव्ह करत नाही, त्यामुळे पुढच्या वेळी तो पुन्हा बांधावर असतो. आता गेम उघडला की पहिलं काम तेच. साहेब झाडाखाली. मग बाकीचं.
चालणं सोमवारपासून.

२४ जानेवारी, शनिवार
ताई मेथी निवडत होती. निवडता निवडता म्हणाली, तीस तारखेला रोहिदासला जेवायला सांगितलंय. मी विचारलं, कोण रोहिदास? टेंपोवाला, म्हणाली. चार फाट्यावर उभा असतो. तिनं त्याला विनिताच्या दहाव्याच्या आधीच शोधला होता. मग मला सांगितलं का नाही? म्हणाली, तू इचारलं नाय, मी सांगितलं नाय.
संकल्प दोन मार्गी लागला. फारशी धावपळ न करता.
त्या दिवसाची नोंद कुठेच नाही, ती करून ठेवतो. दहा फेब्रुवारी, सोमवार. ती भाजी आणायला बाजारात गेली होती, तिथेच खाली बसली. माझ्या मोबाईलवर दोन मिस्ड कॉल, ११.४० आणि ११.४३. मोबाईल लॉकरमध्ये होता. स्टोअरमध्ये मोबाईल आणायचा नाही, असा नियम आहे. मीच केलेला आहे. नियम सगळ्यांना सारखा असावा लागतो. मी १.३०ला पाहिलं.

३० जानेवारी, शुक्रवार
श्राद्ध नीट झालं. समीक्षा पहाटे आली. जेवणं दोनला उरकली, ती साडेतीनला परत निघाली. रोहिदासला भाडं होतं, तो उशिरा येणार होता. मी दहा मिनिटं गेम उघडला. साहेबाला झाडाखाली नेलं, पाणी घातलं, लाकडं लावली. गेममध्ये संध्याकाळ होत आली होती. तेवढ्यात ताईनं हाक मारली, जगू, रोहिदास आलाय. तो थेट आतच आला. ऑल्ट-टॅब.
रोहिदास साधा माणूस. खुर्ची दिली तरी टोकावर बसला. आभार मानायला मी दोन वाक्यं तयार ठेवली होती. तोच बोलायला लागला.
म्हणाला, वैनी फुडं बसल्या माझ्या शेजारी. टमाट्याची पिशवी मांडीवर. खड्डा आला का म्हणायच्या, हळू घ्या भाऊ, टमाटी दबतील. मी म्हटलं, घरच्यांना फोन लावा. लावला दोनदा. उचलला नाय. मंग म्हणल्या, ऱ्हाऊ द्या, साहेब कामात असतील. दवाखान्याच्या गेटात गाडी वळवली तवा पिशवी खाली पडली. मला वाटलं, खड्ड्यानं पडली.
मी म्हटलं, मोबाईल लॉकरमध्ये ठेवावा लागतो. तो हो म्हणाला. मी म्हटलं, सगळ्यांनाच ठेवावा लागतो. तो म्हणाला, हो साहेब.
माझी दोन वाक्यं राहिली.
ताईनं खीर आणली. मी तिच्या हातून एक चमचा खाल्ला. वर्ष सुटलं. रोहिदासनं दोन वाट्या घेतल्या. निघताना त्याची नजर स्क्रीनवर गेली. म्हणाला, लगीन काढलंय वाटतं घरात? बरं झालं. ताई म्हणाली, त्याला नको इचारू बाबा, आमालापन सांगत नाय.
तो पाऊण तास बसला होता.
पत्रिका बाजूला केली. मागे काळी स्क्रीन होती आणि तिच्यावर तीन ओळी. तुम्ही शेतात पडलेल्या सापडलात. कोणीतरी तुम्हाला घरी पोचवलं. दिवस सेव्ह झाला. खाली 'पुढे' असं बटण.
मी ते दाबलं नाही. आज इतकंच.

३१ जानेवारी, शनिवार
दाबलं. ऑटम २७, सकाळचे सहा.
रात्रीत पाखरांनी भात खाल्लं. माहिती काढली. बुजगावणं आजूबाजूची ठरावीक जागाच राखतं, त्यापलीकडे त्याचा उपयोग नाही. तिनं त्याला नेमक्या जागी उभं केलं होतं, सगळं शेत त्यात बसेल असं.
साहेब झाडाखाली होता. सावलीत.
मागचा दिवस परत आणायचा उपाय शोधला. नाही.

१ फेब्रुवारी, रविवार
सुरभी मॅडम आल्या. स्वतःचा नवा माऊस घेऊन आल्या होत्या. मी म्हटलं, आता मॉनिटर गेला आहे. मॉनिटर त्यांच्यासमोर चालू होता, त्यावर शेत दिसत होतं. त्या थोडा वेळ बघत राहिल्या. म्हणाल्या, असू दे सर. माऊस ठेवून गेल्या.
नंतर ताई चहा घेऊन आली. मी काही दाबलं नाही. तिनं विचारलं, ह्ये काय? मी म्हटलं, विनिताचं शेत. ती स्टूल ओढून बसली. भातशेतीत आयुष्य गेलं आहे तिचं, तिला समजावून सांगावं लागलं नाही. म्हणाली, पाखरानं खाल्लं की रं सगळं. राखणीला कोन नव्हतं?
मी म्हटलं, होता. मी हलवला.
चहा पिऊन झाल्यावर ती मोजायला लागली. बांधाच्या कोपऱ्यात तीन रोपं शिल्लक होती, मला दिसली नव्हती.
साहेबाला झाडाखालून काढून बांधावर पूर्वीच्या जागी उभं केलं. ताई म्हणाली, तीन रोपांना आता कसली राखण? मी म्हटलं, एका रात्रीचा प्रश्न आहे. मग लाल टोपीवालीला घरात नेलं आणि झोपवलं. पहिल्यांदाच.
ऑटम २८. साहेब जागेवर होता. तिन्ही रोपं तयार. कापली, तीन मुठी निघाल्या.
ताई म्हणाली, खिरीला पुरायचं नाय.