गळ्यातली पुतळी आणि पेटीतली

केज, १६ सप्टेंबर २०२५

ती. आक्कास,

त्रिंबकचा शि. सा. न. वि. वि. फोनवर तुला ऐकू येत नाही आणि ही गोष्ट मोठ्याने बोलण्यासारखी नाही, म्हणून लिहितो.

रविवारी सकाळी पूजेची फुलं घेऊन घरात आलो, तर सत्यशीला पेटीपुढे बसलेली. तळहातावर सोन्याची एक पुतळी. विचारलं, तर सरळ म्हणाली, पहिल्या लग्नातली हाय, त्यांनी केलेली. आक्का, मला वाटत होतं, ‘त्यांनी’ म्हणजे आता मीच. हनुमानराव जाऊन नऊ वर्षं झाली, आमच्या लग्नाला सहा.

सोमवारी शाळेत गेल्यावर शब्दकोश काढला. पुतळी म्हणजे बाहुली, मूळ संस्कृत पुत्तली. नाण्यावर माणसाची आकृती उठवत, म्हणून ते नाणंही पुतळी आणि त्यांची ती पुतळ्यांची माळ. इथवर ठीक होतं. पण डोळ्यातल्या बाहुलीलाही पुतळी म्हणतात. समोरच्याचं इवलं रूप तिच्यात दिसतं. तेव्हापासून अन्न गोड लागत नाही. तिच्या डोळ्यात कोण उभा आहे?

नवरात्रात ती पुतळी अंबाजोगाईला देवीला वाहू, असं मी सुचवलं. ती उठून भाकरी थापायला गेली. तुझं मत कळव.

माया आहे तशी राहू दे.
तुझा त्रिंबक

दिंद्रुड, २० सप्टेंबर

चि. त्रिंबकास अ. उ. आ.

पत्र वाचून लई हसले, मग राग आला. कोशात बघितलंस, घरात न्हाई बघितलंस. सत्यशीलेच्या गळ्यात चांदीची पुतळी हाय, ती कुणाची? आपली वनमाला गेली आन् तू दुसरं लगीन केलंस, तवा पहिलीच्या नावानं मीच ती घडवून आणली. आपल्यात दुसरीनं ती घालायचीच असती. सहा वर्षं ती सवतीला गळ्यात घेऊन निजती, उठती. एकदा तरी म्हणली का, ही देवीला वाहा? आन् तुला पेटीतला मेलेला माणूस सोसंना? देवीला सोनं वाहणार का तुझी जळजळ?

डोळ्यात कोण हाय ते जवळ जाऊन बघ. तूच दिसशील, तोंड वाकडं केलेला.

रागावले तरी तुझीच हाय.
आक्का

केज, २ ऑक्टोबर

ती. आक्कास शि. सा. न. वि. वि.

दोन दिवस तुझ्यावर रुसलो होतो. खोटं कशाला बोलू, अजून ‘त्यांनी’ ऐकलं की उठून अंगणात जातो. पण वनमालेची पुतळी आता मी निरखून पाहिली. कड झिजून गुळगुळीत झालीय. सत्यशीलेच्या गळ्यावर तिचा बारीक वण पडलाय. इतकी वर्षं मला तो दिसला नव्हता.

अंबाजोगाईला गेलो. ओटी भरताना सत्यशीला पुतळी बांधून आणलेल्या रुमालाची गाठ सोडू लागली, तेव्हा मी तिचा हात धरला. परतल्यावर दागिने दोऱ्यात गाठून देणाऱ्या बंकटकडे गेलो. तो हसला. म्हणाला, मालक, पहिल्या नवऱ्याची पुतळी कुणी घालतं व्हय? मी म्हणालो, आमच्या घरी आजपासून घालतात.

आज दसऱ्याची पूजा झाल्यावर वनमालेच्या शेजारी हनुमानरावांची पुतळी, एकाच दोऱ्यात, मी माझ्या हाताने तिच्या गळ्यात बांधली. मग तू सांगितलंस तसं जवळ जाऊन पाहिलं. डोळ्यात पाणी होतं, मी काही नीट दिसलो नाही. गाठ मात्र पक्की मारली आहे.

अशीच कान धरत राहा.
तुझा त्रिंबक