हिरवा शालू माझ्यासोबत

मी, वृंदा मनोहर टिकेकर (लग्नानंतरही माहेरचेच नाव), वय एकाहत्तर, व्यवसाय फ्रेंच रंगभूमीवरची अभिनेत्री व नाटककार, जन्म सांगलीचा, सध्या राहणार रायस्वाइक, नेदरलँड्स, कोणाच्याही दडपणाखाली न येता हे लिहून ठेवते. डोके ठिकाणावर आहे. जीव मात्र थाऱ्यावर नाही. दर ओळीला उठून खिडकीशी जाते, परत येते. कायद्यापुरते मृत्युपत्र नोटारिसकडे, म्हणजे इथल्या नोटरीकडे, डच भाषेत होईलच. भांडायचे ते मराठीत भांडून घेते.

१. राहता फ्लॅट आणि बँकेतली शिल्लक मुलगी चैत्राली हिला. ती हूफडॉर्प सोडून इथे राहायला येणार नाही, तेव्हा खुशाल विकावा. मात्र फ्लॅट बघायला लोक येतील म्हणून भिंतीवरची माझ्या नाटकांची पोस्टर्स आधीच उतरवू नयेत. बघू देत.

२. माझ्या फ्रेंच नाटकांचे सर्व हक्क नात सलोनी हिला. मी पॅरिसला शिष्यवृत्तीवर शिकायला गेले आणि नाटकात घुसले. वाट्याला यायच्या मोलकरणी आणि ज्योतिषिणी, एकदा तर अख्खा अंक प्रेत म्हणून पडून राहिले. शेवटी चिडून स्वतःच लिहायला बसले. मुलगी बघण्याच्या कार्यक्रमावरचे माझे पहिले नाटक पाहताना फ्रेंच लोक पोट धरून हसले. सलोनीला मराठी कळते, उत्तर डचमध्ये येते. तिने यातले एक तरी नाटक मराठीत करावे. ही अट नाही, हट्ट आहे.

३. फ्रान्समध्ये पडदा उघडण्याआधी रंगमंचावर काठीचे तीन ठोके देतात. माझे दिवंगत पती एतिएन दिग्दर्शक होते. त्यांची काठी इथल्या मराठी नाटकमंडळींना द्यावी. मोबाइलवर वाजवलेली तिसरी घंटा मला ऐकवत नाही.

४. मंडळींचे दिग्दर्शक आणि माझे शेजारी दिलीप पाटणकर यांनी दर वर्षी मला आजीच करायला लावली. त्यांना काही नाही. साक्षीदाराला काही देता येत नाही, हे सोयीचेच झाले.

५. हिरवा शालू कोणालाही नाही.

लग्नात आईने दिलेला हा शालू मी लिऑंमधल्या पहिल्या मोठ्या प्रयोगाला नेसले होते, हातभर हिरव्या बांगड्यांसह. मला पाहून नायकाचे काम करणारे रेनो विंगेतच थबकले. रंगमंचावर हिरवा रंग फ्रेंच नट अपशकुनी मानतात, हे मला कोणी सांगितले नव्हते. आमच्याकडे तर हिरव्या खणाने ओटी भरतात! “हे उतरव, नाहीतर मी जात नाही,” म्हणाले. मी तपकिरी झगा घालून गेले. नाटक तरीही आपटले. रेनो वारले आहेत, तरी त्यांना मी माफ केलेले नाही.

पुढे एतिएन गेले. सांगलीहून मोठ्या वहिनींनी फोनवर समजावले, “वृंदा, आता हिरवं नको गं, बरं दिसत नाही.” आता चैत्रालीही म्हणते, “आई, फ्यूनरल व्हिडिओवर सगळे बघणार. लोक काय म्हणतील?” तिकडे रंगमंचावर नेसू दिला नाही, इकडे घरात. मला संताप येतो आणि भीतीही वाटते, कारण त्या दिवशी मला तोंड उघडता येणार नाही. म्हणून लिहिते: मला हाच शालू नेसवावा आणि हिरव्या बांगड्या घालाव्यात. दहनगृहवाले काच चालत नाही म्हणाले, तर माझ्या वतीने हुज्जत घालावी.

वरील मजकूर वाचून, पाचवे कलम दोनदा खोडून आणि पुन्हा लिहून, राजीखुशीने सही केली.

सही: वृंदा मनोहर टिकेकर
साक्षीदार: दिलीप पाटणकर (पुढच्या वर्षी आजी नाही), मीनल पाटणकर
रायस्वाइक, ९ मार्च २०२५

ता. क. सह्या झाल्यावर चैत्राली आली. वारस असल्याने तिची साक्ष चालत नाही. तिने उभ्यानेच सगळे वाचले आणि आत गेली. कपाट उघडल्याचा आवाज आला. मी भांडायच्या तयारीत बसले. ती शालूवरचा ब्लाउज घेऊन बाहेर आली आणि माझ्या दंडाला लावून पाहू लागली.

“दंडात उसवावा लागेल,” म्हणाली. मग, “आई, आत्ता नेसून दाखव ना. मी तुला यात कधी पाहिलंच नाही.”

इथेच थांबते. मला नेसायला वेळ लागतो.