बाबांचा सदरा

कोल्हापूर, सोमवार, १८ नोव्हेंबर १९७४

आज वर्गात लायसोसोम शिकवले. पेशीतली ही इवलीशी पिशवी जीर्ण झालेलं पचवते, त्यातूनच पेशी नवं घडवते. एका मुलीनं विचारलं, "मॅडम, जीर्ण काय ते पिशवीला कळतं कसं?" "उद्या सांगते," म्हटलं.

घरी आले तर आई वाकळ शिवत बसलेली. चिंध्यांच्या ढिगात बाबांचा चौकड्यांचा सदरा! त्यांना जाऊन वर्षही झालं नाही.

"आई, धड हाय की गं अजून!"

"व्हय, पण घालणार कोण?" म्हणत तिनं बाह्या उसवल्यासुद्धा.

मी चिडले. रात्री बघते तर सदऱ्याचा खिसा तिनं वाकळेच्या उशाकडच्या बाजूला अख्खा लावलाय, हात जाईल असा उघडा.

मग सदरा जीर्ण होता की नव्हता? उद्या त्या मुलीला काय सांगू?