श्वास भरून धर

८ ऑगस्ट

प्रिय दादास,

नमस्कार. 'इकडे सगळं ठीक' असं लिहायची सवय, म्हणून हात तिथेच गेला होता. तू फोन नंबर बदललास. हा पत्ता तुझ्या मित्राच्या हातापाया पडून मिळवला. जुनं भांडण उकरायला लिहीत नाहीये.

माझी नोकरी तीच, लहान मुलांच्या इस्पितळात एक्स-रे काढायची. वळवळणाऱ्या पोरांना क्षणभर पुतळा करायचं, एवढंच काम म्हण ना! गेल्या आठवड्यात वहिनी भिंगरीला घेऊन आली. खोकला जाईना, जिना चढताना धाप लागायची. तू घर सोडलंस तेव्हा ती बोबडं बोलायची. आता तोंडाचा पट्टा थांबत नाही.

"आत्या, फोटोत हसू का?"

"हस की."

फोटो पडद्यावर आला. हृदयाची सावली छातीच्या निम्म्याहून जास्त रुंद. पण श्वास सोडताना फोटो निघाला की हृदय उगाच मोठं दिसतं, आणि ही तर खिदळत होती. त्याच आशेवर दुसरा काढला. "भिंगरे, छातीचा फुगा फुगव. आता श्वास धर... धर..." शहाण्यासारखा धरला रे तिनं. सावली तेवढीच.

बाहेर वहिनीनं विचारलं, "कसा आलाय?"

"डॉक्टर सांगतील," म्हटलं. सगळ्यांच्या आयांना हेच सांगते मी.

मग हृदयाची सोनोग्राफी झाली. हृदयाचे स्नायू थकलेत, म्हणून ते ताणून मोठं झालंय. भिंगरीला इथेच ठेवून घेतलंय, औषधं चालू आहेत. डॉक्टर ओळखीचे, त्यामुळे माझ्याशी आडपडदा न ठेवता बोलले. ते मला लिहवत नाही.

तू ये. 'बाबा कुठेय' असं ती विचारत नाही. 'बाबाला आपलं घर सापडेल ना' असं विचारते.

तुझी छोटी

१९ ऑगस्ट

दादा,

आता धावपळ करू नकोस.

भिंगरी काल सकाळी गेली. वहिनी तिचे केस विंचरत होती. मान कलली, तर वहिनीला वाटलं डुलकी लागली. ती विंचरतच राहिली.

घरी आल्यापासून वहिनी कामाला जुंपलीय. भांडी घासते, कपडे धुते, भिंगरीचेसुद्धा. डोळ्यांत टिपूस नाही. आज म्हणाली, "त्यांना कळवलंत?"

मी म्हटलं, "तो येईल असं वाटतं तुला?"

"आले तर दार मी उघडेन."

दादा, रागवायला कुणात त्राण उरलेलं नाही. ये. तिला जवळ बसून रडायला तिच्याइतकंच गमावलेलं माणूस हवंय, आणि ते मी नाही.

भिंगरीची आत्या