खिडकी चोरल्याचा गुन्हा

प्रिय धाकट्या,

घर आणि कारखाना दोन्ही मधोमध कापणारी एवढीशी प्लायवूडची भिंत, पलीकडेच भावोजी, आणि तरी पत्र लिहिताय, असं म्हणून तुझी वहिनी हसतेय. तिला म्हटलं, दार वाजवलं आणि त्यानं पुन्हा घुसखोरीची तक्रार केली म्हणजे? दाराच्या फटीतून कागद सरकवला तर गुन्हा होत नाही, वकिलांना विचारून घेतलंय.

परवा वरच्या कोर्टानं तुझी फौजदारी तक्रार रद्द केली. तू आला नव्हतास, म्हणून तिथली गंमत सांगतो. मी सातवीत शाळा सोडून रंध्यामागे लागलेला माणूस, कायदा कळत नाही, पण बोललेलं कानातून निसटत नाही. तुझ्या वकिलांनी छाती काढून सांगितलं, थोरल्यानं बापाच्या सुतारकामाच्या कारखान्यात, धाकट्याच्या बाजूला घुसून खिडकी चोरली. न्यायाधीशबाईंनी पोलिसांचा पंचनामा उघडला. त्यात लिहिलेलं, ‘चोरीस गेलेली खिडकी जागेवर मिळून आली. पूर्वी लागत नव्हती, आता नीट लागते.’ बाईंनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. म्हणाल्या, “चोरीचा माल रंधा मारून परत बसवणारा चोर पहिल्यांदाच बघतेय.” मग आवाज बदलला. “कारखाना कुणाचा, याचा दिवाणी दावा खाली चालूच आहे ना? ते ठरायच्या आत कोण कुणाच्या जागेत घुसला? वाटणीचं भांडण वाटणीच्या कोर्टात भांडा. भावाला नमवायला पोलिस कशाला?”

खरं सांगू, तुझ्या ओल्या पॉलिशवर त्या खिडकीतून धूळ बसत होती, ते मला बघवेना. आपलं बोलणं बंद. म्हणून तू जेवायला गेल्यावर उचलली. निदान चिठ्ठी तरी ठेवायला हवी होती, ही माझी चूक.

पण परवापासून तुझी करवत गप्प आहे. काल दुपारी पलीकडचं बोलणं ऐकू आलं. कान लावला नव्हता रे, प्लायवूड तूच हलकं आणलंस. तुझी बायको विचारत होती, “अहो, बॅग कसली भरताय?” तू म्हणालास, “दादा आता खोट्या तक्रारीची उलटी केस घालणार. मला न्यायला आले की धावपळ नको.” ती म्हणाली, “मग इस्त्रीचा सदरा कशाला? तिथे काय लग्न आहे?” मी तोंडात रुमाल कोंबून हसलो. मग हसू येईना.

तर पत्राचं कारण एवढंच. तसले कागद माझ्या वकिलांनी खरंच करून आणले होते, सहीच्या जागी पेन्सिलीनं फुली मारून. मी सही केली नाही, करणारही नाही. सहा महिने चौकीत हजेरी लावणं काय असतं, ते मला ठाऊक आहे. तुझ्या वाट्याला ते नको. बॅग रिकामी कर. दावा मात्र सोडू नकोस, खुशाल लढ. कोर्ट देईल ते मी मुकाट्यानं मानीन. फक्त सोमवारी दाव्याच्या तारखेला वेगवेगळं जायला नको, माझ्या गाडीतून चल. कोर्टाच्या अलीकडच्या वळणावर तुला उतरवतो. एकाच गाडीतून उतरताना पाहिलं, तर दोन्ही वकिलांना एकदमच भोवळ येईल.

तुझाच,
माजी आरोपी,
दादा