जमिनीखालच्या नदीची चावी

॥ श्री सिद्धरामेश्वर प्रसन्न ॥

बाळीवेस, सोलापूर
दि. ११ फेब्रुवारी

चि. मल्लिनाथभावजी यांस,
चंद्रिकावहिनीचे अनेक आशीर्वाद आणि शरणु शरणार्थी.

इकडे सर्व ठीक आहे, तिकडे हुबळीलाही तसंच असावं. शिवम्माच्या गुडघ्याला आता कसं आहे? (ती तेल लावत नाही, मला माहीत आहे. बाटली देवघराच्या मागे ठेवते आणि तुम्हाला संपली म्हणून सांगते.) तुमच्या अण्णांची तब्येत चांगली आहे. दोन वेळ जेवतात, दुपारी झोपतात, वजन दोन किलोंनी वाढलंय. विसरायचं थोडं वाढलंय, तेवढं सोडलं तर काही नाही. पत्र बघून दचकू नका. एवढं सगळं मोबाईलवर लिहायचं तर माझा अंगठा सुजेल, आणि तो मोबाईल माझे शब्द काढून स्वतःचे घालतो. संक्रांतीला शिवम्माला ‘वाण पाठवलंय’ असं लिहिलं ते ‘वाहन पाठवलंय’ म्हणून गेलं, आणि ती दोन दिवस दारात उभी राहिली म्हणे.

तर सांगायचं म्हणजे, आम्ही दोघं सहलीला जाऊन आलो. हसू नका. छत्तीस वर्षांच्या संसारातली ही पहिली सहल. तुमचे अण्णा पाणीपुरवठ्यात चावीवाले, तुम्हाला वेगळं काय सांगायचं. ती चार फुटी लोखंडी चावी खांद्यावर टाकून गल्लोगल्ली पाणी सोडत तेहतीस वर्षं काढली त्यांनी. गोकर्णला जाऊ म्हटलं की उद्या पाळी आहे, श्रीशैलला जाऊ म्हटलं की परवा पाळी आहे. (आमच्या हळदीच्या दिवशीसुद्धा ते पाणी सोडूनच आले होते आणि चिखलाच्या पायांनी पाटावर बसले होते. तुम्ही तेव्हा कॉलेजात होता, फोटो तुम्हीच काढलात, पाय कापून.) रिटायर झाल्यावर आधी त्यांचा मोतीबिंदू, मग माझं पित्ताशय, मग हे विसरणं. अशात शेजारच्या सारजाबाई एक दिवस कट्ट्यावर येऊन म्हणाल्या, ‘‘चला की वैनी. सात रस्त्यावरनं हिंदुरावची बस सुटती. मंत्रालय, महानंदी आन् येताना जमिनीखालची नदी. टोपी फुकट हाय.’’

टोपी फुकट आहे हे ऐकून अण्णा म्हणाले, ‘‘नदी जमिनीखाली? कुठल्या खात्याची?’’ गेल्या कित्येक महिन्यांत त्यांनी स्वतःहून विचारलेला तो पहिला प्रश्न. मी त्याच संध्याकाळी दोघांची नावं घातली.

मंत्रालय आणि महानंदीचं काही लिहीत नाही, देव सगळीकडे चांगलेच असतात. बसमध्ये हिंदुराव स्वतः माईक घेऊन गाणी म्हणत होते आणि ते थांबले की लोक टाळ्या वाजवत होते (थांबल्याबद्दल). अण्णा खिडकीशी बसून रस्त्यातल्या पाण्याच्या टाक्या मोजत होते. दर अर्ध्या तासाने मला विचारायचे, ‘‘आपण कुठं चाललोय?’’ मी सांगायची, ‘‘फिरायला.’’ ते म्हणायचे, ‘‘वा!’’ अहो भावजी, एकाच सहलीचा आनंद माणसाला किती वेळा व्हावा! मला मात्र एकदासुद्धा नीट झाला नाही, कारण माझा डावा हात सतत त्यांच्या उजव्या हातात होता, सुटायला नको म्हणून.

गुहा म्हणजे मी आपलं एक भोक समजत होते. तिथे गेल्यावर कळलं की माळरानाच्या मधोमध जमिनीला खड्डा आहे, त्यातून लोखंडी जिना खाली जातो आणि खाली अख्खं गावच्या गाव मावेल एवढी पोकळी. आमचा गाईड मडिवाळप्पा म्हणून बळ्ळारीकडचा माणूस होता, चाळिशीचा, हातभर लांब बॅटरी घेतलेला. कानडी चांगलं, हिंदी कामापुरतं, आणि मराठी आमच्यावर दया करण्यापुरतं. त्याने एकतीस डोकी मोजली, पांढऱ्या टोप्या घातल्या आणि आम्हाला आत घेतलं. आत गेल्या गेल्या अंगाला घाम फुटला. कोंदट उष्मा, पायाखाली ओल, वरून थेंब ठिबकतोय. मडिवाळप्पा बॅटरी मारून दगड दाखवायचा, हा बघा सिंह, हा नागाचा फणा, ही जटा. लोक आ करून बघायचे. सारजाबाईंना प्रत्येक दगडात कडक भाकरीच दिसत होती आणि त्या तसं मोठ्याने सांगत होत्या.

अण्णांना मात्र वेगळंच दिसत होतं. त्यांनी एका बोगद्याला हात लावला, वर बघितलं, वाकून बघितलं आणि मडिवाळप्पाला कानडीत विचारलं, ही किती इंची लाईन आहे. तो हसला नाही, हे मी त्याचं कायम लक्षात ठेवीन. तो म्हणाला, मोजलेली नाही अण्णा, जुनी आहे. मग काय! अण्णा पुढे आणि गाईड मागे. इथे प्रेशर कमी पडत असणार. इथे जॉईंट गळतोय. छताला लोंबणारे ते दगडी सुळके बघून म्हणाले, वॉशर गेलाय, म्हणून ठिबकतंय, वेळीच बदलला असता तर एवढं साचलं नसतं. लोक हसत होते, पण ऐकत होते. भावजी, मी तुम्हाला काय सांगू, त्यांची पाठ ताठ झाली होती. घरात चहाचा कप कुठे ठेवला ते आठवत नाही या माणसाला, आणि तिथे त्या अंधारात ते असे चालत होते, जणू रोज सकाळी तिथेच ड्यूटीला जात होते. मला पुन्हा माझा नवरा भेटल्यासारखं झालं. अर्धा तास. जास्तीत जास्त पस्तीस मिनिटं.

मग ती अरुंद फट आली. तिच्यापलीकडे खाली नदी आहे, एकेकाने आडवं होऊन या, असं गाईडने सांगितलं. सारजाबाईंनी कमरेला भाकऱ्यांचं आणि शेंगाचटणीचं गाठोडं बांधलेलं (हिंदुरावच्या जेवणावर त्यांचा विश्वास नव्हता). त्या आडव्या होण्याऐवजी सरळ समोरून घुसल्या आणि बरोबर मधोमध अडकल्या. पलीकडून मडिवाळप्पा आणि आधी गेलेले लोक ओढतायत, अलीकडून आम्ही ढकलतोय, आणि मध्ये सारजाबाई ओरडतायत, ‘‘भाकरी मोडू नगा! मी मोडले तरी चालंल!’’ मला हसू आवरेना. मी दोन्ही हात लावले. दोन्ही हात, भावजी. हसत हसत लावले. गाठोडं सुटलं, भाकऱ्यांचा चुरा झाला, सारजाबाई धप्पकन पलीकडे पडल्या आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी मागे वळले तर अण्णा नव्हते. पलीकडे जाऊन बघितलं तर तिथेही नव्हते.

ती पाच मिनिटं मी लिहू शकत नाही. मडिवाळप्पाने डोकी मोजली. तीस. पुन्हा मोजली. तीस. हिंदुराव म्हणाले, बाहेर गेले असतील चहाला. सारजाबाईंनी त्यांना अशी शिवी दिली की पत्रात घालता येत नाही. मी हाका मारत सुटले आणि माझाच आवाज चारी बाजूंनी फिरून येत होता, अहो, अहो, अहो. शेवटी मडिवाळप्पा म्हणाला, गप्प राहा सगळे, पाण्याचा आवाज ऐका. तेव्हा खालून कुणीतरी पाण्यात हात मारल्यासारखा आवाज आला. आमची ढकलाढकली चालू असताना ते बाजूच्या उतारावरून खाली गेले होते.

नदी म्हणजे फार मोठी नाही. आपल्या गल्लीएवढी रुंद, काळीभोर, कुठून येते दिसत नाही आणि एका खडकाखाली शिरून कुठे जाते तेही दिसत नाही. त्या खडकापाशी कठडा ओलांडून तुमचे अण्णा कमरेएवढ्या पाण्यात उभे होते, आणि वाकून, खांद्यापर्यंत हात बुडवून, तळाशी काहीतरी चाचपत होते. टोपी वाहून गेली होती. मी तशीच पाण्यात उतरले आणि त्यांचा दंड धरला. म्हटलं, ‘‘अहो, काय करताय? चला वर.’’

त्यांनी माझ्याकडे बघितलं. बॅटरीचा उजेड माझ्या तोंडावरच होता, अंधारामुळे दिसलं नाही असं मला म्हणता येत नाही.

‘‘बाई, तक्रार हितं घेत न्हाईत,’’ ते म्हणाले. ‘‘आफिसात द्या. सगळं पाणी वाया चाललंय आन् चावी सापडंना झालीय. लोकांना चार दिवस झालं पाणी न्हाई.’’

तेहतीस वर्षं असंच बोलत असतील ना ते लोकांशी? चांगलं बोलत होते, अगदी समजावून. मला बाई म्हणाले. थंडगार पाणी होतं आणि ते माझा हात हळूच सोडवत होते, परक्या बाईचा हात सोडवावा तसा.

मडिवाळप्पा बूट न काढता पाण्यात आला. त्याने मला मागे व्हायची खूण केली आणि अण्णांना कानडीत म्हणाला, अण्णा, माझी पाळी सुरू झाली, मला चार्ज द्या. अण्णा सरळ उभे राहिले. चावी कुठे आहे विचारलं. त्याने आपली लांब बॅटरी दाखवली. अण्णांनी ती हातात घेऊन तोलून बघितली आणि परत दिली. मग ते त्याला एकेक गोष्ट सांगायला लागले. एकदम उघडायची नाही, पाव पाव फेऱ्याने सोडायची, नाहीतर जुनी लाईन फुटते. वरच्या घरांचं भरलं म्हणून लगेच बंद करायची नाही, शेवटच्या घरांना पाणी उशिरा पोचतं. शेवटच्या घरात एक म्हातारी आहे, तिच्याकडे मोटार नाही, तिच्यासाठी दहा मिनिटं जास्त थांबायचं. साहेबांनी विचारलं तर माझं नाव सांगायचं. मडिवाळप्पा प्रत्येक वाक्याला ‘हूं अण्णा’ म्हणत होता. वर कठड्याशी एकोणतीस माणसं उभी राहून ऐकत होती.

शेवटी अण्णा म्हणाले, आणि माझ्या घरी निरोप द्या. आजही उशीर झाला म्हणावं. ती जेवायची थांबते.

मडिवाळप्पाने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, ‘‘मी तिकडंच राहते. मी सांगते त्यांना.’’

‘‘लई उपकार होतील बाई,’’ अण्णा म्हणाले, आणि कठड्यापाशी त्यांनीच मला हात दिला. ‘‘जपून. दगडं ओली हायती.’’

वर येताना तो हात त्यांनी सोडला नाही. तक्रार घेऊन आलेली बाई घसरून पडू नये म्हणून. मला खरं तर गप्प बसायला हवं होतं, पण तुम्हाला माझा स्वभाव माहीत आहे. मी विचारलं, ‘‘तुमची बायको कशी आहे हो?’’ त्यांनी चार पायऱ्या विचार केला. म्हणाले, ‘‘बोलती लई. पण चांगली हाय. तिला कुटंच नेलं न्हाई मी. रिटायर झालो की नेणार हाय.’’ मी ‘बरं’ म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते? तिथे सहलीच्या टोपीत, ओल्या लुगड्याने, त्यांच्याच हाताला धरून जिना चढत होते मी.

बाहेर लख्ख ऊन होतं. सारजाबाईंनी आपला कोरडा टॉवेल आणि भाकरीचा चुरा पुढे केला. दोन घोट चहा पोटात गेल्यावर अण्णांनी माझ्याकडे नीट बघितलं आणि चिडून म्हणाले, ‘‘चंद्रिका, साडी कशाला भिजवलीस? या वयात पाण्यात शिरतात का?’’ सगळे हसले. मीही हसले. मग बसच्या मागे जाऊन तोंड धुतलं, दोनदा धुतलं, आणि आम्ही सोलापूरला आलो.

तर अशी ही सहल. बाकी सर्व उत्तम आहे, काळजी नसावी. शिवम्माला आशीर्वाद.

तुमची वहिनी,
चंद्रिका

ता. क. आमची लेक अक्षता म्हणाली, काकांना खरं काय ते कळव. म्हणून लिहिते. दर रविवारी फोनवर अण्णा तुमच्याशी जे बोलतात, दुकान कसं आहे, पाऊस झाला का, शिवम्मा काय म्हणते, ते सगळं मी पाटीवर लिहून त्यांच्यासमोर धरते. दिवाळीपासून. मागच्या रविवारी तुम्ही लहानपणी विहिरीत पडलात ती गोष्ट काढलीत आणि अण्णांनी एकदम ‘ठेवतो’ म्हणून फोन ठेवला. तुम्हाला वाटलं असेल, रागावले. रागावले नाहीत. ती गोष्ट मला माहीतच नाही, मी काय लिहिणार? तुम्हाला विहिरीतून कुणी काढलं, कसं काढलं, हे आता फक्त तुम्हालाच ठाऊक आहे.

ता. क. दुसरं. या रविवारी फोन करू नका, या. रजा नाही, दुकान आहे, हे मी ऐकणार नाही. आणि आलात की दारातूनच ‘अण्णा, ओळखलंत का?’ असं विचारू नका. सगळे तेच विचारतात आणि ते फार घाबरतात हो. सरळ सांगा, मी मल्लिनाथ, तुमचा धाकटा भाऊ, जेवायला आलोय. ते ‘ये’ म्हणतील. ते हल्ली कुणालाही ‘ये’ म्हणतात, त्याचं वाईट वाटून घेऊ नका. मीही रोज सकाळी तसंच करते. कपबशी पुढे धरते आणि म्हणते, मी चंद्रिका, चहा आणलाय.