पान दोनशे चौदा, ओळ नववी

लायडन, २ मार्च १९८८

ती. बाबांस,
वित्स्केचा सा. न. वि. वि.

प्रबंध छापून आला! तुमची प्रत आजच्याच टपालानं पाठवते आहे. युरोपीय देशांची साम्राज्यं का उभी राहिली आणि का कोसळली, यावर विद्वान अजून भांडताहेत. एक म्हणतो तोफा आणि गलबतं, दुसरा म्हणतो जिंकलेल्या मुलखांतल्या राजांची आपसातली भांडणं. मोडण्याचं विचारलं तर कुणी महायुद्धाकडे बोट दाखवतो, कुणी अमेरिकेकडे. इंडोनेशियातल्या लोकांनीच आपल्याला, डचांना, घालवलं, हे म्हणताना मात्र भल्याभल्यांची जीभ अडखळते. मी तेच म्हटलंय, आणि त्यासाठी मंत्र्यांच्या टिपणांवर न थांबता तिथं लढलेल्या शिपायांना विचारलंय. पाचव्या प्रकरणातला ‘जावा बेटावरचा एक शिपाई’ कोण, ते तुम्हाला सांगायला नको. नाव कुठंही दिलेलं नाही.

२३ तारखेला परीक्षकांसमोर उभं राहायचंय. रीतीप्रमाणे उमेदवाराच्या दोन बाजूंना दोन पाठीराखे लागतात, काळा कोट घालून. एक माझी मैत्रीण मारेइके. दुसरे तुम्ही व्हाल का? काम फारसं नाही. प्रबंधासोबत विधानांचा एक सुटा कागद असतो. परीक्षकानं त्यातलं एखादं विधान विचारलं, तर ते मोठ्यानं वाचून दाखवायचं. स्वतःचं एक अक्षर बोलायचं नाही, म्हणजे तुमच्या आवडीचंच काम. आई असती तर तिनं तुम्हाला ढकलत आणलं असतं.

कळावे. माया आहे ती अशीच राहू द्या.
तुमची वित्स्के

हिंदेलोपन, ९ मार्च

चि. वित्स्के हिस,
अनेक आशीर्वाद.

पुस्तक मिळालं. पोस्टमननं विचारलं, लेकीनं वीट पाठवली का म्हणून. तळटीपांसकट सगळं वाचलं. जन्मभर होड्यांना वाट द्यायला कालव्यावरचा पूल उचलणाऱ्या माणसाला निवृत्तीनंतर दुसरा उद्योग काय? तुमचे ते पंडित पूल का पडला यावर शंभर पानं खर्ची घालतात, पण त्या वेळी पुलावर कोण होतं ते एकाला विचारावंसं वाटत नाही. तू विचारलंस. ऊर भरून आला.

पण मी येणार नाही. काळा कोट पोटावर बसत नाही, गुडघा कुरकुरतो, आणि कोंबड्यांकडे बघायला कुणी नाही. हट्ट करू नकोस. साखरेचा पाव पाठवतोय, लोणी लावून खा. हाडं दिसायला लागलीत तुझी.

तुझ्या यशाची वाट पाहणारा,
बाबा

लायडन, १२ मार्च

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

तीन कारणं दिलीत, म्हणजे चौथं लपवलंत. तुमच्या कोंबड्या मला चांगल्या ठाऊक आहेत.

पान दोनशे चौदामुळेच ना? ती जाळलेली अकरा घरं. मी तरी काय करू? हेगच्या दफ्तरखान्यात दोन वर्षं घालवली. तुमच्या तुकडीच्या अहवालात तांदळाचं पोतं न् पोतं मोजलेलं, घोड्याच्या नालांचासुद्धा हिशेब, आणि गावाच्या नावाची जागा कोरी! तुम्हीही म्हणालात की आठवत नाही, म्हणून तसंच लिहिलं. माझं अकरावं विधान त्यातूनच आलं.

तुम्हाला दुखवायचं नव्हतं हो. पुस्तक आता बदलता येत नाही, पण सुटा कागद गुरुवारी छपाईला जायचाय. अकरावं विधान काढून टाकते. परीक्षकांना काय म्हणायचं ते म्हणोत. पदवीपेक्षा मला तुम्ही शेजारी हवे आहात.

रागावलात तरी लिहा, एवढंच मागणं.
वित्स्के

हिंदेलोपन, १५ मार्च

चि. वित्स्के,
आशीर्वाद.

विधानाला हात लावू नकोस. खबरदार.

पान दोनशे चौदा, ओळ नववी: ‘गावाचे नाव त्या शिपायास आठवत नाही.’ तुझ्या सबंध पुस्तकात मला तेवढीच ओळ खोटी सापडली, आणि ती मी तुझ्या हातून लिहवून घेतली. मग तुझा पाठीराखा म्हणून कोणत्या तोंडानं उभा राहू?

तो अहवाल माझाच. अक्षर बरं म्हणून तुकडीचा कारकून मला केलं होतं. पुढे तो टंकलिखित होऊन वर गेला, म्हणून तुला अक्षर ओळखू आलं नाही. घरं आम्ही पेटवली. माझ्या कानामागची पेन्सिल बघून एक म्हातारी सरळ माझ्याकडे आली आणि तिनं आपल्या गावाचं नाव मला तीनदा सांगितलं. मी लिहून घेईन असं तिला वाटलं. कॅप्टन म्हणाला, नावाची गरज नाही. मी पोती मोजली आणि जागा कोरी ठेवली.

तुझी आई विचारून विचारून गेली. तिलाही आठवत नाही असंच सांगितलं. तू त्या थंडगार दफ्तरखान्यात डोळे फोडत होतीस आणि दर रविवारी मी तुला फोनवर विचारत होतो, सापडलं का. लाज वाटते पोरी. आत्ताही चारदा पेन टेकवलं, पण नाव कागदावर उतरत नाही.

येईन की नाही, सांगता येत नाही.
बाबा

लायडन, २५ मार्च

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

मी गळ्यात पडण्याआधी चारची गाडी पकडलीत! असं करतात का?

कोट खरंच पोटावर बसत नव्हता. मी पहिल्या प्रश्नाचं उत्तर देत होते आणि तुम्ही दारात दिसलात, तसेच येऊन माझ्या शेजारी बसलात. वेळ संपत आली होती, विद्यापीठाचा चोपदार दाराशी येऊन थांबला होता, तेवढ्यात परीक्षकांपैकी प्रोफेसर ओल्टहॉफ यांनी अकरावं विधान विचारलं. मारेइके उठत होती, तिच्या आधी तुम्ही उठलात. तुमचा आवाज असा कापताना मी आईच्या दफनाच्या वेळीही ऐकला नव्हता: ‘ज्या साम्राज्याने पोत्यापोत्याची नोंद ठेवली, त्याच्या कागदांत जाळलेल्या गावांची नावे नाहीत, हे विस्मरण नसून धोरण आहे.’ मग कागद खाली ठेवलात आणि म्हणालात, एका गावाचं नाव चिमेलुर. तीनदा म्हणालात.

पाठीराख्यानं बोलायचं नसतं. तरी कुणी तुम्हाला अडवलं नाही. उत्तर मी द्यायचं होतं, पण मी नुसती रडत होते, आणि चोपदारानं काठी आपटून वेळ संपल्याचं सांगितलं. बंद खोलीत एका परीक्षकानं नियमभंगाची तक्रार केली म्हणे. तेव्हा ओल्टहॉफ म्हणाले की इतिवृत्तात ते नाव मी स्वतः लिहितो. पदवी मिळाली, बाबा. आता पुस्तकाच्या तीनशे प्रतींत दुरुस्तीची चिठ्ठी चिकटवायचीय. उद्या छापायला टाकते.

तुमचा मला राग येतो आणि अभिमानही वाटतो. दोन्ही ठेवून घ्या.
वित्स्के

हिंदेलोपन, ४ एप्रिल

चि. डॉक्टर वित्स्के,
आशीर्वाद.

छापू नकोस. चिठ्ठ्या मी हातानं लिहिल्यात, सोबत पाठवतोय. प्रत्येकीवर एवढंच आहे: ‘पान २१४, ओळ ९. गावाचे नाव चिमेलुर.’ अक्षर अजून बरं आहे, बघ.

तीनशे एक आहेत. म्हातारी आता नसेल, पण गावात कुणी ना कुणी असेलच. तुला त्यांची भाषा येते. जास्तीची चिठ्ठी तिकडे पाठव, आणि ज्यानं लिहून घ्यायचं होतं त्यानं ते आता लिहिलंय, असं कळव. खाली माझं नाव घाल.

बाबा